सात वर्षांची कारवी, पंचेचाळीस दिवसांचा कॅमेरा

‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, १९१२ साली, दादासाहेब फाळक्यांनी वाटाण्याच्या रोपासमोर कॅमेरा लावला. दाणा रुजतो, कोंब वर येतो, वेल होते. पडद्यावर हे बघता बघता उरकतं, पण त्यासाठी कॅमेरा कित्येक दिवस जागचा हलला नव्हता. आपल्याकडचा निसर्गपट असा एका रोपापाशी ताटकळत सुरू झाला. सातारा-सांगलीवरचे अलीकडचे स्वतंत्र माहितीपट पाहताना मला ते रोप सारखं आठवतं. कॅमेरे आता पुष्कळ झाले, ताटकळणारे मोजकेच.

कासचंच घ्या. २०१२ साली युनेस्कोच्या जागतिक वारशात पश्चिम घाटाबरोबर कासचं नाव गेलं आणि दर सप्टेंबरात पठारावर ड्रोन उडू लागले. तेरड्याचा जांभळा गालिचा, सोनकीचा पिवळा, मागं बासरी, वर घोगऱ्या आवाजातलं निवेदन. एक पाहिला की दहा पाहिल्यासारखे. टोपली कारवी साधारण सात वर्षांनी फुलते, हे प्रत्येक निवेदक सांगतो. मधली वर्षं ती काय करते, हे एकही दाखवत नाही. मे महिन्यात तव्यासारखा तापलेला कातळ, त्याच्या खळग्यातली बोटभर माती, तिच्यात दडलेले कंद, हे खरं कासचं नाट्य. वायतुऱ्याच्या शास्त्रीय नावात सातारा आहे, तो याच कातळामुळं. आणि पठाराला कुंपण घालण्यावरून, मग ते काढण्यावरून जो वाद झाला, भोवतीच्या गावांच्या गुरांचा आणि वाटांचा जो प्रश्न उभा राहिला, तो गालिच्याखाली सरकवला जातो. फुलांच्या फिल्ममध्ये माणूस आला तर तो फक्त पर्यटक.

याच्या उलट टोकाला पाणी फाउंडेशनच्या फिल्म्स. त्या काटेकोर अर्थानं स्वतंत्र नव्हेत, पण इथल्या माहितीपटांवर त्यांचा ठसा इतका गडद आहे की त्यांना वगळून बोलताच येत नाही. गावागावांतल्या जलसंधारणाच्या स्पर्धेला, म्हणजे वॉटर कपला, पहिल्या वर्षी २०१६ साली तीन तालुके होते, त्यांत आपलं कोरेगाव. वेळू गाव पहिलं आलं. २०१८ साली माणमधली टाकेवाडी. समतल चर कसा आखायचा हे गावानं फिल्म बघून शिकावं आणि दुसऱ्या दिवशी टिकाव-फावडी घेऊन डोंगराला जावं, असा उपयोग मराठी माहितीपटाचा क्वचितच झाला असेल. त्याबद्दल मला मनापासून आदर आहे. अडचण पुढं आहे. स्पर्धा पंचेचाळीस दिवसांची होती, म्हणून गोष्टही तेवढ्याच दिवसांची. पहिला पाऊस, तुडुंब चर, ढोल, डोळ्यांत पाणी, समाप्त. त्या पाण्यावर पुढं काय पिकलं, ऊस आला का, बोअर किती पडल्या, ज्याला जमीनच नाही त्याच्या वाट्याला काय आलं? हे बघायला चौथ्या वर्षी परत जावं लागतं. या साच्याची नक्कल करणारे तरुण दिग्दर्शक तर पहिल्या वर्षीही पुरते थांबत नाहीत.

दोष त्यांचा एकट्यांचा नाही. २००० साली सुरू झालेल्या पब्लिक सर्व्हिस ब्रॉडकास्टिंग ट्रस्टसारख्या (पीएसबीटी) न्यासानं काही वर्षं स्वतंत्र माहितीपटांना हात दिला, तो ओघ आटला. फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. अभयारण्यात चित्रीकरणाला वनखात्याची परवानगी लागते, तिचे सोपस्कार वेगळेच. उरतात सुट्टीचे चार दिवस आणि मित्राची गाडी. पण ‘द एलिफंट व्हिस्परर्स’साठी कार्तिकी गोन्साल्विस यांनी मुदुमलाईत पाच वर्षं घालवली, हे ऑस्करच्या बातमीत आपण वाचलं आणि सोडून दिलं.

आपलं उदाहरण हवं तर गुंथर सोन्थायमर. जर्मन पंडित, पण मराठी अस्खलित. धनगरांबरोबर, त्यांच्या बिरोबा-म्हस्कोबांबरोबर या माणसानं उमेदीची वर्षं घालवली आणि हेनिंग स्टेगम्युलर यांच्याबरोबर पंढरीच्या वारीवर फिल्म केली. माउलींची पालखी लोणंद, तरडगाव, फलटणवरून जाते. त्या वाटेवर आज दर दहा पावलांना कॅमेरा असतो, चालणारा मात्र विरळा. मला तर वाटतं, ‘माहितीपट’ या नावानंच घात केला. माहिती द्यायची म्हटलं की निवेदक आला, आणि निवेदक आला की माणदेशी मेंढक्याच्या तोंडचं बोलणं तळाशी दबलं. वाघर कशी लावतात, मेंढरं शेतात बसवायचा व्यवहार कसा ठरतो, हे तोच सांगेल, पण त्याच्या चालीनं. माडगूळकरांच्या ‘बनगरवाडी’तला मास्तर वाडीत राहतो, म्हणून त्याला वाडी दिसते. १९५५ सालच्या कादंबरीला उमगलेली ही गोष्ट कॅमेऱ्याला अजून उमगायची आहे.

सह्याद्री व्याघ्र प्रकल्प २०१० साली झाला, कोयना आणि चांदोली मिळून. डिसेंबर २०२३ मध्ये तिथल्या ट्रॅप कॅमेऱ्यात वाघ आला आणि ते एक चित्र लाखो मोबाइलांवर फिरलं. झाडाला बांधलेला, कुणी न हाताळलेला तो कॅमेरा महिनोन्‌महिने जागेवर थांबला होता, हेही खरंच. त्या जंगलात पूर्वी गावं होती. तिथून उठवलेली माणसं आता सपाटीवरच्या वसाहतींत राहतात. पायाखालच्या त्या वाटा आठवणारी पिढी सत्तरी-ऐंशीत आहे. अशा एखाद्या आजीसमोर वाघाचं ते चित्र धरून, “ही जागा कुठली गं?” असं विचारणारी फिल्म माझ्या पाहण्यात नाही.