शोध कुणाचा, सोसलं कुणी?

शाळेत आपण घोकलं : १४९२, कोलंबसानं अमेरिकेचा शोध लावला. १४९८, वास्को द गामानं हिंदुस्थानचा जलमार्ग शोधला. पण तिथं आधीच नांदणाऱ्या माणसांचं पुढं काय झालं, हा प्रश्न पेपरात कधी आला नाही.

कुर्ल्याच्या पोरांनी हे लांबचं समजू नये. १५३४ साली गुजरातच्या बहादूरशहानं वसई-साष्टी पोर्तुगीजांना लिहून दिली. १५४८ साली गोव्याच्या गव्हर्नरनं कुर्ला आणि आणखी सहा गावं आंतोनियो पेसोआला लढाईतल्या कामगिरीबद्दल बक्षीस दिली. अख्खी गावं, राबत्या माणसांसकट. स्पॅनिशांनी तर तिकडं थेट माणसंच वाटली. सैनिकाला माणसं द्यायची, त्यानं त्यांच्याकडून वेठ आणि खंडणी घ्यायची, बदल्यात त्यांना धर्म शिकवायचा. या रीतीचं नाव एन्कोमिएन्दा.

या जुलमाची हकीकत बार्तोलोमे दे लास कासास या पाद्र्यानं लिहिली. १५५२ साली ती छापली. त्याच्याकडेही अशी माणसं होती, १५१४ साली त्यानं ती सोडली. ही हिंमत मान्य. पण त्यांच्या जागी आफ्रिकेतले गुलाम आणा, असंही त्यानंच सुचवलं होतं. त्याचा पश्चात्ताप त्याला फार उशिरा झाला.

१५५०-५१ साली वायादोलिदला वाद झाला. सेपुल्वेदा म्हणाला, काही माणसं जन्मानंच गुलाम असतात. आपल्याला ही भाषा नवी नाही. लास कासासनं ती खोडून काढली. पण वाद घालणारे दोघंही स्पॅनिशच. ज्यांच्या जगण्या-मरण्याचा वाद, ते कुठं होते?

त्याच्या पुस्तकातही ही माणसं गरीब मेंढरं आहेत. ती मरतात, बोलत नाहीत. म्हणून हातुए बोलतो तिथं पुस्तक पेट घेतं. क्यूबात जाळण्याआधी त्याला स्वर्गाचं आमिष दाखवलं. त्यानं विचारलं, स्पॅनिश तिथंच जातात का? हो म्हटल्यावर म्हणाला, मग मला नरकच बरा.

पुढं पेरूतल्या ग्वामान पोमानं स्वतः लेखणी उचलली. १६१५ च्या सुमारास स्पेनच्या राजाला सुमारे बाराशे पानं लिहिली, चित्रं काढली. ते हस्तलिखित १९०८ साली कोपनहेगनच्या ग्रंथालयात सापडलं. तीनशे वर्षं पडून होतं!

मित्रांनो, लास कासास जरूर वाचा. पण कळवळा म्हणजे साक्ष नव्हे. आपल्या वस्तीतल्या म्हाताऱ्यांपाशी बसा, विचारा, लिहून काढा. आणि लिहिलेलं पडून राहू देऊ नका.