थिजलेल्या माणसांचे पुस्तक

दिवाळीच्या अंकात रोगाच्या पुस्तकावर लिहावे का, असे कोणी विचारील. एका हाताशी फराळाचे ताट आणि दुसऱ्या हाती रुग्णालयातील हकिगती, हा बेत काही फारसा जुळणारा नव्हे. तरीही मी लिहिते आहे. सणाला सारे कुटुंब एकत्र जमते, तेव्हा कोपऱ्यातल्या खुर्चीत गप्प बसलेले एखादे वडीलधारे माणूसही त्यात असते. हात थरथरतो म्हणून त्याच्यासमोर चहाची कपबशी अर्धीच भरून ठेवतात, आणि चेहरा हलत नाही म्हणून त्याच्याशी बोलणेही हळूहळू थांबते. ऑलिव्हर सॅक्स या डॉक्टरचे 'अवेकनिंग्ज' हे १९७३ सालचे पुस्तक अशाच माणसांविषयी आहे.

प्रथम रोगाविषयी थोडे सांगायला हवे. शरीरशास्त्राचे माझे ज्ञान शाळेच्या पुस्तकाइतकेच. पण तेवढे येथे पुरते. मेंदूच्या देठाच्या वरच्या टोकाला मध्यमेंदू असतो. त्याची लांबी जेमतेम दोन सेंटीमीटर. डोळे वरखाली फिरवणे, पापणी उचलणे ही कामे करणाऱ्या मज्जातंतूंचा उगम येथेच, आणि येथेच काळसर रंगाच्या पेशींचा एक पट्टा असतो. या पेशी डोपामीन नावाचे द्रव्य तयार करतात. त्या मरू लागल्या की हात कापतो, पाऊल जमिनीला चिकटल्यासारखे होते, चेहऱ्यावरचे भाव मावळतात, आवाज खोल जातो. अक्षरही बदलते. ओळीच्या आरंभी बरे असलेले अक्षर शेवटी मोहरीएवढे होते. आपण याला कंपवात म्हणतो. लंडनच्या जेम्स पार्किन्सनने १८१७ मध्ये त्यावर छोटा निबंध लिहिला. त्यातले रुग्ण अवघे सहा, आणि त्यांतलेही काही त्याने केवळ रस्त्यात पाहिलेले! चालणाऱ्या माणसाकडे इतके निरखून पाहणारा हा डॉक्टर कथाकाराच्या जातीचा म्हटला पाहिजे.

सॅक्सचे रुग्ण मात्र निराळे होते. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास जगभर झोपेच्या आजाराची साथ पसरली. व्हिएन्नाच्या फॉन इकोनोमोने १९१७ मध्ये तिचे वर्णन केले. लाखो लोक आजारी पडले, पुष्कळ दगावले, आणि दहा वर्षांनी साथ आली तशी निघून गेली. तिचे कारण आजतागायत निर्विवादपणे सिद्ध झालेले नाही. वाचलेल्यांपैकी अनेकांच्या मध्यमेंदूतला तो काळा पट्टा मात्र उद्ध्वस्त झाला होता. काही वर्षे बरी गेली, आणि मग ती माणसे जागच्या जागी थिजली. कोणाचे डोळे तासन् तास छताकडे ओढलेले राहत, कोणाचा उचललेला हात तसाच हवेत राही. न्यूयॉर्कच्या एका रुग्णालयात सॅक्स १९६६ मध्ये रुजू झाला, तेव्हा अशी सुमारे ऐंशी माणसे तेथे होती. १९६९ मध्ये त्याने त्यांना एल-डोपा हे नवे औषध द्यायला आरंभ केला. मेंदूत गेल्यावर या औषधाचे डोपामीन होते. (आपल्या रानातल्या खाजकुइलीच्या बियांतही हेच द्रव्य असते, आणि १९३७ मध्ये ते भारतीय संशोधकांनी वेगळे काढले होते. म्हणून कोणी घरच्या घरी प्रयोग मात्र करू नयेत.) दशकानुदशके निश्चल असलेली माणसे उठली, बोलली, हसली. त्यांतल्या वीस जणांच्या या हकिगती.

येथवर वाचून कोणाला वाटेल की ही चमत्काराची कथा आहे. पुस्तकाचे खरे मोल असे की ते चमत्कारापाशी थांबत नाही. प्रत्येक हकिगतीत जाग येते, तिच्या मागोमाग संकट येते, आणि शेवटी तडजोड. औषधाने उठलेली माणसे थोड्याच काळात झटके, हिसके, उन्माद यांत सापडतात. १९७० मध्ये सॅक्सने वैद्यकीय नियतकालिकात हे लिहिले, तेव्हा समव्यवसायींचा रोष त्याने ओढवून घेतला. कादंबरीकार म्हणून मला या जागेचे फार महत्त्व वाटते. रोग्याचे आपल्या कथाकादंबऱ्यांत दोनच उपयोग असतात: एक तर त्याने मरून इतरांना रडवावे, नाही तर बरे होऊन सर्वांना आनंदवावे. बरा न होता आणि न मरता जगणाऱ्या माणसाचे काय करायचे, हे आम्हां लेखकांना उमगत नाही. सॅक्सला ते उमगले आहे.

रोझ आर. या बाईंची हकीगत पाहा. १९२६ साली एकविसाव्या वर्षी त्या आजारी पडल्या. १९६९ मध्ये जाग आल्यावर त्या त्या काळची गाणी म्हणू लागल्या, त्या काळच्या गप्पा सांगू लागल्या. आपले वय चौसष्ट आहे हे त्यांना ठाऊक होते, पण मन एकविसाचेच राहिले होते. काही आठवड्यांनी त्या पुन्हा थिजल्या. हरवलेल्या त्रेचाळीस वर्षांचे ओझे त्यांना पेलले नसेल काय, असा प्रश्न सॅक्स करतो आणि उत्तराचा अट्टहास धरीत नाही. पुस्तकातला हा सर्वांत हृद्य भाग होय.

या पुस्तकावरून १९९० मध्ये त्याच नावाचा चित्रपट निघाला. रॉबर्ट डी नीरोने त्यात लेनर्डचे काम केले आहे. अभिनय अप्रतिम, पण कथा गोड करून घेतलेली. चित्रपटातला लेनर्ड एका मुलीवर हळुवार प्रेम करतो. पुस्तकातला लेनर्ड एल. याच्या वासना औषधाने अनावर होतात, आपण जगाचे तारणहार आहोत असे त्याला वाटू लागते, आणि त्यातच तो तीन आठवड्यांत लठ्ठ आत्मचरित्र टंकलिखित करतो. शेवटी तो शांतपणे औषध नाकारतो. चित्रपटात सारे रुग्ण एका उन्हाळ्यापुरते जागून पुन्हा मावळतात. पुस्तकात तसे नाही, काहींना औषधाने पुढे वर्षानुवर्षे साथ दिली. चित्रपटाने प्रेक्षकांचे अश्रू मिळवले, पण वीस जणांची वीस दैवे एकाच साच्यात ओतली. हॅरॉल्ड पिंटरचे १९८२ चे 'अ काइंड ऑफ अलास्का' हे छोटे नाटक मला अधिक प्रामाणिक वाटते. त्यात एकोणतीस वर्षांनी जागी झालेली डेबोरा, तिची बहीण आणि डॉक्टर एवढीच माणसे. आणि काय सांगावे, काय लपवावे, हा त्यांच्यापुढचा पेच. हा पेच प्रत्येक घरातला आहे.

दोषही सांगितले पाहिजेत. सॅक्सला मोठमोठ्या शब्दांचा आणि तत्त्वज्ञांच्या नावांचा सोस आहे. तळटीपा इतक्या की मूळ मजकूर वर कसाबसा तरंगतो. रोग्याच्या तोंडचे एखादे साधे, चपखल वाक्य येते आणि लागलीच लेखक त्यावर आपले निरूपण सुरू करतो, तेव्हा 'डॉक्टरसाहेब, जरा थांबा, त्यांना बोलू द्या' असे म्हणावेसे वाटते. रुग्णांची नावे त्याने बदलली, हे योग्यच. पण आपले सर्वांत असहाय दिवस छापून यावेत की नाही, हा प्रश्न नाव बदलल्याने मिटत नाही, आणि तो वाचकाच्या मनात राहतो.

असे असूनही मी हे पुस्तक मोलाचे मानते. त्यातल्या माणसांचा चेहरा दगडासारखा होता, पण आतला माणूस सर्व ऐकत होता, पाहत होता, लक्षात ठेवत होता. लेनर्ड औषधापूर्वीही पाटीवरच्या अक्षरांवर बोट सरकवून उत्तम बोलत असे. फक्त समोरच्याला तेवढा वेळ थांबावे लागे. औषध डॉक्टरांनी द्यायचे, पण हे थांबणे कोणालाही जमण्यासारखे आहे. ज्यांच्या घरी तशी खुर्ची आहे, त्यांनी हे पुस्तक अवश्य वाचावे. आणि उद्या ओवाळणी झाल्यावर त्या खुर्चीपाशी बसून एखादा प्रश्न विचारावा, आणि उत्तर येईपर्यंत उठू नये.