परस्वर आणि सहस्वर : सांगली-साताऱ्याच्या गानपरंपरेतून एक विचार

नायजेरियात एकविसाव्या शतकात बहरलेल्या 'आफ्रोबीट्स' या गीतप्रकाराचे परदेशी रॅपगायकांशी जे सहकार्य झाले, त्याचे मूल्यमापन बहुधा लोकप्रियतेच्या मापाने केले जाते. (फेला कुटी यांनी घडविलेला 'आफ्रोबीट' हा त्याहून निराळा होय.) परंतु दोन कलावंतांची नावे एकत्र आली, एवढ्यावरून सहकार्य सिद्ध होत नाही. गीताची लय कोणाची, कंठ कोणाचा आणि श्रोत्यासमोर कोणाचे नाव येते, हे प्रश्न त्यापूर्वी विचारावे लागतात.

हे प्रश्न मराठी परंपरेला अपरिचित नाहीत. तत्कालीन सातारा जिल्ह्यातील, आजच्या सांगली जिल्ह्यातील, रेठरे हरणाक्ष येथे १८६६ मध्ये जन्मलेले श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी हे पठ्ठे बापूराव म्हणून कीर्ती पावले. त्यांची रचना आणि पवळाबाईंचे गायन-नृत्य यांचा संयोग जातिबंधने ओलांडून झाला. कवी कोण आणि गाणारी कोण, याविषयी तमाशाच्या प्रेक्षकाला संशय नसे. पवळाबाईंचे नाव बापूरावांच्या नावाला जोडूनच लोकस्मृतीत राहिले.

चित्रपटाने हा संयोग विभागला. १९५९ च्या 'सांगत्ये ऐका' मधील 'बुगडी माझी सांडली गं' या लावणीत साताऱ्याची वाट आहे; शब्द माडगूळकरांचे, संगीत वसंत पवारांचे, कंठ आशा भोसले यांचा आणि पडद्यावरील रूप जयश्री गडकरांचे. येथे आवाज देहापासून वेगळा झाला. तरी प्रत्येकाचे नाव श्रोत्याला ठाऊक होते.

सांगलीत १९३३ साली जन्मलेल्या या गायिकेचा पुढील प्रवास विशेष बोधप्रद आहे. इंग्लंडमधील कॉर्नरशॉप या वाद्यवृंदाच्या १९९७ च्या 'ब्रिमफुल ऑफ आशा' या गीतात तिचे नाव आहे, कंठ नाही. २००५ मध्ये ब्लॅक आइड पीज या अमेरिकी रॅपसमूहाने 'डोन्ट फंक विथ माय हार्ट' मध्ये तिच्या 'अपराध' (१९७२) आणि 'डॉन' (१९७८) या चित्रपटांतील गीतांचे अंश घेतले. कल्याणजी-आनंदजींची ती स्वररचना गीताचा पाया ठरली, आणि त्या गीताला रॅपविभागातील ग्रॅमी पुरस्कारही मिळाला. परंतु त्याच्या चित्रफितीत गायिकेला स्थान नाही. त्याच वर्षी क्रोनोस क्वार्टेट या तंतुवादकांच्या समूहाने राहुलदेव बर्मन यांच्या रचनांची ध्वनिमुद्रिका काढली. तीत आशाबाई नव्याने गायल्या आणि मुखपृष्ठावर त्यांचे नाव आले. नाव आहे पण कंठ नाही. कंठ आहे पण उपस्थिती नाही. आणि दोन्ही आहेत, अशा या तीन अवस्था होत. पहिली आदरांजली, दुसरी उचल आणि तिसरीच केवळ सहकार्य या संज्ञेस पात्र ठरते.

या कसोटीवर आफ्रोबीट्सची काही गीते पारखावी. लंडनच्या डेव्ह या रॅपगायकाच्या 'लोकेशन' (२०१९) मध्ये बर्ना बॉय याचा कंठ आणि पिजिन वळणाची बोली कायम राहिली. रेमाच्या 'काम डाउन' या गीताच्या २०२२ मधील दुसऱ्या आवृत्तीत सेलेना गोमेझ त्याच्याच चालीत शिरली. ती रॅपगायिका नव्हे, तथापि यजमान कोण आणि पाहुणा कोण, हे तेथे स्पष्ट आहे. उलट 'लास्ट लास्ट' (२०२२) मध्ये बर्ना बॉयनेच टोनी ब्रॅक्स्टनच्या गीताचा अंश घेतला. तात्पर्य, उचल ही नेहमी पाश्चात्त्यांकडूनच होते, असा सिद्धांत टिकत नाही.

उचलीमुळे जुन्या गीताला नवा श्रोता मिळतो, हा आक्षेप रास्त आहे. परंतु श्रोता गीताला मिळतो. गाणारीला तो मिळेलच, असे नाही. प्रसिद्ध गायिकेचे नाव शोधून काढता येते. ज्या फडातील गाणारीचे नाव ध्वनिमुद्रणावर कोणी लिहिलेच नाही, तिचा आवाज उद्या परक्या लयीत वाजला, तर तो कोणाचा हे सांगणार कोण? सांगली-साताऱ्याच्या लोकगीतांचा संग्रह करणाऱ्या अभ्यासकाने म्हणून रचनाकाराबरोबर गाणारीचे नाव, गाव आणि मुद्रणाचे वर्ष नोंदविणे हे संशोधनाचे पहिले कर्तव्य मानले पाहिजे. ती नोंद नसेल, तर पुढील समीक्षकाला सहकार्य आणि उचल यांतील भेद दाखविता येणार नाही.