परिशिष्टांतील पंचांग

अद्भुत कथा वाचून संपल्यावर तिच्या शेवटीं जोडलेलीं परिशिष्टें वाचण्याचे श्रम सहसा कोणी घेत नाहीं. परंतु टोल्किन यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ह्या कादंबरीचा तिसरा खंड १९५५ सालीं प्रसिद्ध झाला, त्याच्या अखेरीस कालगणनेवर एक परिशिष्ट आहे. तें ज्यानें वगळलें तो ह्या ग्रंथाच्या एका मर्मास मुकला, असें प्रस्तुत लेखकास वाटतें. कल्पित जगाला नकाशा देणारे लेखक पुष्कळ आहेत. येथें पंचांग दिलेलें आहे, आणि तें कागद-पेन्सिल घेऊन तपासून पाहतां येतें. ग्रंथांत जी गूढता भासते ती धुक्यांतून आलेली नसून ह्या हिशेबांतून आलेली आहे, हें सांगण्यासाठींच हा लेखनप्रपंच.

शायर प्रांतांतील हॉबिट हे बुटके, खादाड आणि शेतीवाडींत रमणारे लोक. त्यांचे महिने बारा, आणि प्रत्येक महिना तीस दिवसांचा. उरलेल्या पांच दिवसांपैकीं दोन हिवाळ्यांत वर्षाच्या सांध्यावर व तीन ऐन उन्हाळ्यांत, कोणत्याच महिन्यांत न धरतां, सणासाठीं राखून ठेवलेले. महिन्यांचीं नांवें लेखकानें मनानें रचलेलीं नाहींत. आठव्या शतकांत बीड नांवाच्या इंग्रज साधूनें जुन्या अँग्लो-सॅक्सन महिन्यांची जी नोंद करून ठेवली तिच्यावरून तीं घडविलीं आहेत. मे महिन्याचें नांव 'थ्रिमिज'. त्या महिन्यांत गाईंची धार दिवसांतून तीनदां काढीत, असा बीडनें मूळ नांवाचा अर्थ दिला आहे. ऑक्सफर्डला अँग्लो-सॅक्सनचें अध्यापन केलेल्या पंडिताची विद्वत्ता येथें गोठ्यांत शिरली आहे, आणि तेथें ती शोभतेहि!

वारांची व्यवस्था तर अधिकच गमतीची. ३६५ ला सातानें भागतां एक उरतो, म्हणून तारखेचा वार दरवर्षीं पुढें सरकतो. हॉबिटांनीं उन्हाळ्याच्या मधल्या दिवसाला, आणि लीप वर्षीं येणाऱ्या जादा दिवसाला, वारच द्यावयाचा नाहीं असें ठरविलें. मग नेमके ५२ आठवडे उरले. प्रत्येक वर्षाचा आरंभ शनिवारीं आणि शेवट शुक्रवारीं. ह्या व्यवस्थेंत कोणताहि महिना शुक्रवारीं सुरू होत नाहीं, म्हणून 'एक तारखेच्या शुक्रवारीं' म्हणजे कधींच नाहीं, असा त्या प्रांतांत वाक्प्रचार पडला. मीं बाराहि महिने मांडून पाहिले. रवि, मंगळ, गुरु, शनि, सोम, बुध, आणि पुन्हां तोच क्रम. शुक्रवार खरोखरच येत नाहीं. त्या दिवशीं डुकरें उडतील, झाडें चालूं लागतील, असें हॉबिट थट्टेनें म्हणतात. आणि कथेंत तर झाडें खरोखरच चालून युद्धावर जातात.

परंतु येथेंच माझी एक तक्रार आहे. हाच तोडगा आपल्या खऱ्या जगापुढें 'जागतिक दिनदर्शिका' ह्या नांवानें आला होता. १९५३ सालीं भारत सरकारनेंच तो विषय संयुक्त राष्ट्रसंघाकडे नेला. मेघनाद साहा त्याचे पुरस्कर्ते. एका दिवसाला वार नसणें म्हणजे सात दिवसांची अखंड साखळी तोडणें, असें म्हणून धर्मनिष्ठ ज्यू व ख्रिस्ती मंडळी विरोधास उभी राहिली. १९५५ सालीं अमेरिकेनें नकार कळविला आणि प्रकरण बारगळलें. हॉबिटांत मात्र कोणी ब्रहि काढीत नाहीं. त्यांना साप्ताहिक उपासनाच नाहीं, मग भांडणार कोण? टोल्किन स्वतः निष्ठावंत कॅथलिक होते. ज्या गोष्टीसाठीं माणसें पंचांगावरून भांडतात ती गोष्टच त्यांनीं बाजूला ठेवली, म्हणून ही सुधारणा इतकी सुखानें पार पडली. २२ मार्च १९५७ पासून अंमलांत आलेलें आपलें राष्ट्रीय पंचांग शासकीय राजपत्रावर छापलें जातें, पण घरांतील चतुर्थी अद्यापि तिथीनेंच येते, हें ज्यानें पाहिलें आहे त्याला शायरची ही शांतता थोडी स्वस्त वाटल्यावांचून राहत नाहीं.

एल्फ लोकांच्या गणनेपुढें मात्र तक्रार विसरावी लागते. हे अमर, म्हणून त्यांचें मोठें परिमाण 'येन', म्हणजे आपलीं १४४ वर्षें. ज्यांच्या पुराणांत मनुष्याचें वर्ष हा देवांचा एक दिवस आहे त्यांना ह्याचें नवल वाटूं नये. त्यांचा आठवडा सहा दिवसांचा. येनाचे ५२,५९६ दिवस सहांनीं निःशेष भागले जातात. दर बारा वर्षांनीं तीन दिवस वाढवावयाचे, आणि दर तिसऱ्या येनाच्या अखेरीस, म्हणजे ४३२ वर्षांनीं एकदां, ती वाढ गाळावयाची. सरासरी काढली तर वर्ष सुमारें ३६५.२४३१ दिवसांचें येतें. सूर्याच्या खऱ्या वर्षाहून सव्वा मिनिट जास्त. (४३२ पाहून कोणी कलियुगाच्या ४,३२,००० वर्षांशीं नातें जुळवूं लागेल, तर त्यानें थांबावें, ती १४४ ची तिप्पट आहे, इतकेंच.) शतकाला वर्षासारखें जगणाऱ्यांचें दुःख लेखक अन्यत्र गाण्यांतून सांगतो, मला तें ह्या भागाकारांत अधिक जाणवलें.

शायरच्या महिन्याचा चंद्राशीं संबंध नाहीं, ही उणीव आपल्याकडील वाचकास खटकेल. पण चंद्राकडे लेखकाचें दुर्लक्ष होतें असें मात्र नव्हे. कथेंतील चंद्र एका ठिकाणीं उगवत असतांनाच दुसरीकडे मावळतो आहे, हें ध्यानांत आल्यावर त्यांनीं १९४४ सालीं मुलाला पत्रांतून ही अडचण कळविली होती.

दुष्टाचा पाडाव २५ मार्चला होतो, आणि गोंडोरचें नवें वर्ष त्या दिवसापासून मोजूं लागतात. इंग्लंडांतहि १७५२ पूर्वीं कायद्याचें वर्ष ह्याच तारखेस सुरू होई, आणि देवदूतानें मेरीला वार्ता सांगितल्याचा ख्रिस्ती सणहि तोच. परिशिष्टांत ह्याचा उच्चार नाहीं. शायरांत तर ती तारीख पाळीतहि नाहींत. तेथें एका टेकडीभोंवतीं ६ एप्रिलला लोक सुटी घेऊन नाचतात. कोणी म्हणतो हा म्हाताऱ्या सॅमचा वाढदिवस, कोणी म्हणतो सोनेरी झाड प्रथम फुललें तो दिवस, कोणी म्हणतो एल्फांचा वर्षारंभ. आपल्या पाडव्याचीं कारणें विचारलीं तर घरोघरीं अशींच तीन निरनिराळीं उत्तरें मिळतात, आणि गुढी तर सगळेच उभारतात.