साइमचा शब्दकोश आणि आमचे शब्द

जॉर्ज ऑर्वेलच्या ‘नाइन्टीन एटी-फोर’ (१९४९) या कादंबरीत साइम नावाचा एक भाषापंडित आहे. सत्य मंत्रालयाच्या संशोधन खात्यात बसून तो नव्या राजभाषेच्या कोशाची अकरावी आवृत्ती तयार करतो. शब्द जमवणे हे कोशकाराचे काम. साइमचे काम शब्द मारण्याचे. बंडाला शब्दच उरला नाही, म्हणजे बंडाचा विचारही उरणार नाही, हे त्याचे तत्त्वज्ञान. सुमारे २०५० पर्यंत जुनी भाषा संपवायची, असा सत्तेचा बेत आहे. भाषेच्या भवितव्याचा अभ्यास करणारा हा काल्पनिक व्यवसाय ऑर्वेलने विलक्षण ताकदीने उभा केला आहे, यात शंका नाही.

परंतु या मांडणीच्या मुळाशी एक गृहीत आहे. जुनी भाषा समृद्ध होती, म्हणून ती मुक्त होती, हे ते गृहीत. दलित वाचकाला ते मान्य करता येणार नाही. आमच्या वाट्याला आलेली जुनी भाषा शब्दांनी समृद्धच होती. जातीजातीला हिणवणाऱ्या म्हणींनी ती ओसंडून वाहत होती. तिथे माणसाला बांधण्यासाठी शब्द मारावे लागले नाहीत, उलट ते पिढ्यान्‌पिढ्या जपावे लागले.

कादंबरीच्या परिशिष्टात ऑर्वेल सांगतो, की नव्या भाषेत ‘मुक्त’ हा शब्द राहील, पण कुत्रा उवांपासून मुक्त आहे, एवढ्याच अर्थाने. आमच्याकडे हे काम कोणत्याही मंत्रालयाशिवाय झाले. ‘मुक्ती’ हा शब्द शाबूत होता, पण त्याचा अर्थ मरणानंतरचा. गावच्या पाणवठ्यावर त्याला प्रवेश नव्हता. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्यावर आणि मे १९३६ मध्ये मुंबई इलाखा महार परिषदेतील ‘मुक्ती कोन पथे?’ या भाषणात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा शब्द आकाशातून जमिनीवर आणला. शब्द जुनाच, पण अर्थ नवा. साइमच्या शास्त्रात या घटनेला जागा नाही, कारण शब्दाचा अर्थ लढ्याने बदलतो, हे त्याला ठाऊकच नाही.

ऑर्वेललाही ते पुरते ठाऊक नव्हते, असे म्हणावे लागते. त्याच्या कादंबरीतील कष्टकरी जनता गाणी म्हणते, भांडते. नायक तिच्यावर आशाही ठेवतो. पण ती नवा शब्द घडवताना दिसत नाही. मराठीत तो घडला. नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ १९७२ साली आला, तेव्हा प्रस्तावना लिहिणाऱ्या विजय तेंडुलकरांना त्यातल्या कितीतरी शब्दांचे अर्थ कवीला विचारावे लागले. ते शब्द मुंबईच्या वस्त्यांत रोज बोलले जात होते. पांढरपेशांच्या मराठीने त्यांची नोंद घेतली नव्हती. नोंद न घेणे हीदेखील शब्द मारण्याचीच एक रीत आहे, आणि ती साइमच्या रीतीहून जुनी आहे.

तेव्हा प्रश्न असा, की शब्द काढून टाकणे नेहमीच वाईट काय? डिसेंबर २०२० मध्ये महाराष्ट्र शासनाने वस्त्यांची जातिवाचक नावे बदलण्याचा निर्णय घेतला. तो योग्यच आहे. ते नाव त्या वस्तीने स्वतःसाठी निवडलेले नव्हते. याउलट ऑगस्ट २०१८ मध्ये केंद्रीय माहिती व नभोवाणी मंत्रालयाने खासगी दूरचित्रवाणी वाहिन्यांना ‘दलित’ऐवजी ‘अनुसूचित जाती’ म्हणण्याची सूचना केली. ‘दलित’ हा शब्द मात्र आम्ही निवडलेला आहे. १९७३ च्या दलित पँथरच्या जाहीरनाम्याने त्यात भूमिहीन, कामगार, स्त्रिया अशा सर्व शोषितांना सामावून घेतले. ‘अनुसूचित जाती’ ही यादी आहे. ‘दलित’ या शब्दात दळणाऱ्यावर आरोप आहे. यादी ठेवून आरोप पुसणे, हा साइमचाच धंदा होय.

म्हणून कसोटी साधी आहे: शब्द कोण काढतो, आणि त्याबरोबर अन्याय जातो की फक्त अन्यायाचे नाव जाते? वस्तीची पाटी बदलली आणि वस्ती गावकुसाबाहेरच राहिली, तर पाटीवरचा नवा शब्दही उद्या शिवीसारखाच उच्चारला जाईल. अपमानाचे शब्द व्यवहारातून जावेत, पण कोशातून जाऊ नयेत. तिथे ते पुरावा म्हणून राहिले पाहिजेत.

साइम शेवटी नाहीसा होतो. बुद्धिबळ समितीच्या यादीत एक नाव कमी होते, इतकेच. सत्तेसाठी शब्द पुसणाऱ्याचे नावही सत्ता पुसून टाकते. आपल्यातून जे भाषेचे अभ्यासक तयार होत आहेत, त्यांनी हे ध्यानात ठेवावे आणि वस्तीवस्तीतला शब्द बोलणाऱ्याने दिलेल्या अर्थासह नोंदवावा.