परतलेला पिता आणि पितृपदाचा अधिकार : ‘चिची काएरु’चा एक अन्वयार्थ

किकुची कान (१८८८–१९४८) यांची ‘चिची काएरु’ (‘वडील परततात’) ही एकांकिका १९१७ मध्ये प्रसिद्ध झाली व १९२० मधील प्रयोगानंतर आधुनिक जपानी रंगभूमीवर मान्यता पावली. वीस वर्षांपूर्वी बायकोमुलांना टाकून परस्त्रीसह निघून गेलेला सोतारो वृद्धापकाळी निष्कांचन होऊन घरी येतो. पत्नी व धाकटी मुले त्याला सामावून घेऊ पाहतात. थोरला केनइचिरो मात्र त्याला नाकारतो. बाप निघून गेल्यावर तोच धाकट्या शिन्जिरोला त्याच्या शोधार्थ धाडतो. हा शेवट म्हणजे रक्ताच्या नात्याचा विजय, असा अर्थ सहज सुचतो. परंतु संहिता त्याला पुरेसा आधार देत नाही.

केनइचिरोचा नकार केवळ संतापातून आलेला नाही. हताश आईने मुलांसह पाण्यात घेतलेली उडी, पाणी उथळ असल्याने वाचलेले जीव, कोवळ्या वयात कचेरीत पोऱ्या म्हणून केलेली चाकरी, धाकट्यांचे शिक्षण या साऱ्यांचा हिशेब त्यामागे आहे. पितृपद जन्माने नव्हे, तर कष्टाने सिद्ध होते आणि ते आपण निभावले आहे, हा त्याचा दावा होय. १८९८ च्या जपानी नागरी संहितेने कुटुंबप्रमुखाला कायदेशीर अधिकार बहाल केले होते, हे ध्यानात घेता या दाव्याची धार लक्षात येते.

बायबलमधील उधळ्या पुत्राच्या दृष्टान्ताशी तुलना येथे उद्बोधक ठरते. तेथेही थोरला भाऊ कष्टांचा दाखला देतो. परंतु क्षमेचा अधिकार पित्याचाच राहतो. किकुचींच्या एकांकिकेत उधळा बापच आहे आणि निवाडा थोरल्या मुलाच्या हाती आहे.

म्हणूनच शेवटची आज्ञा महत्त्वाची. आपल्याला बापच नाही, असे बजावणारा केनइचिरो त्या क्षणी ‘वडील’ हा शब्द उच्चारतो. तथापि बोलतो तो कुटुंबप्रमुखाच्याच अधिकाराने. शिन्जिरो एकटाच परततो, दोघे भाऊ बाहेर धाव घेतात आणि पडदा पडतो. बाप सापडला की नाही, हे नाटककार सांगत नाही. क्षमेचा निर्णय झाला आहे. पण ती स्वीकारणारा समोर नाही. शीर्षकातील ‘परतणे’ अशा रीतीने अपूर्ण राहते आणि वीस वर्षांचा हिशेबही मिटत नाही.