पाव मोडणारे हात

मेक्सिकोचा चित्रकार दिएगो रिवेरा याच्या ‘एल पान नुएस्त्रो’, म्हणजे ‘आपला पाव’, या भित्तिचित्रात नजर आधी जाते ती हातांकडे. टेबलाच्या टोकाला एक सावळा माणूस बसला आहे आणि तो पाव मोडतो आहे. भोवती निरनिराळ्या वर्णांची, वयांची, थरांची माणसं एकाच टेबलाला बसली आहेत. मागे डोक्यावर फळांची टोपली घेतलेली, तेहुआंतेपेकच्या पेहरावातली तेहुआना बाई उभी आहे, आणि तिच्या अवतीभवती बंदूकवाले क्रांतिकारक. वर तांबडी फीत रंगवली आहे. तिच्यावर मेक्सिकोच्या पोवाड्याच्या, म्हणजे ‘कोरिदो’च्या ओळी आहेत. चित्र 1928 सालचं. मेक्सिको सिटीतल्या शिक्षण मंत्रालयाच्या इमारतीत, वरच्या मजल्याच्या भिंतीवर आहे.

पाव मोडणारा हा माणूस म्हणजे वर्ध्याचे पांडुरंग सदाशिव खानखोजे, असं मानलं जातं. त्यांच्या कन्या सावित्री साहनी यांनी त्यांचं इंग्रजी चरित्र लिहिलं आहे. रिवेरा आणि खानखोजे यांचा स्नेह होता हे तर पक्कंच. कोणताही चेहरा चित्रकाराने एकाच माणसावरून घेतलेला असतो असं नाही, पण या खुर्चीत खानखोजे बसलेत असं धरून चित्र बघितलं, की त्यातल्या प्रत्येक वस्तूला जास्तीचा अर्थ येतो. मला हे चित्र तसंच बघायला आवडतं.

खानखोजे शेती शिकले ते उत्तर अमेरिकेत. टिळकांच्या प्रभावाखाली वाढलेला हा मुलगा लष्करी शिक्षणाच्या शोधात जपानमार्गे अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर पोहोचला. मजुरी केली, टामालपाइस इथल्या लष्करी शाळेत कवायत शिकला. मग ओरेगॉन राज्यात कोरव्हॅलिसच्या कृषी महाविद्यालयात आणि पुढे वॉशिंग्टन राज्यातल्या पुलमनच्या महाविद्यालयात शेतकी शिकला. तिथून 1913 मध्ये पदवी घेतली.

ही महाविद्यालयं कुठून आली ते थोडं सांगायला हवं, कारण चित्रातल्या टेबलाची एक बाजू तिथे आहे. 1862 साली, यादवी युद्ध चालू असतानाच, अमेरिकेच्या काँग्रेसने दोन कायदे केले. होमस्टेड कायद्याने, जो पाच वर्षं जमिनीवर राहील आणि ती कसेल त्याला नाममात्र शुल्कात 160 एकर मिळणार होते. मॉरिल कायद्याने प्रत्येक राज्याला त्याच्या प्रत्येक खासदारामागे 30,000 एकर जमीन मिळाली; ती विकून आलेल्या पैशावर शेती आणि यंत्रविद्या शिकवणाऱ्या संस्था उभ्या राहायच्या होत्या. एका बाजूला कुळंबी माणसाच्या पोराला विद्यापीठाचं दार उघडलं, ही जगाच्या शिक्षणाच्या इतिहासातली फार मोठी गोष्ट. दुसऱ्या बाजूला, वाटलेली जमीन कुणाची तरी होतीच. कोरव्हॅलिसचा परिसर कालापूया लोकांचा. पुलमनभोवतीच्या, गव्हाने लाटांसारख्या दिसणाऱ्या पलूस टेकड्या पलूस आणि नेझ पर्स लोकांच्या. शेतकऱ्याला मालक करणाऱ्या कायद्याने आधीच्या रहिवाशाला बेदखल केलं. पारतंत्र्यातल्या देशातून आलेल्या विद्यार्थ्याला हे दिसलं नसेल असं मला वाटत नाही.

पुढचं आयुष्य बंदुकीचं. लाला हरदयाळ, सोहनसिंग भकना यांच्या बरोबरीने ते अमेरिकेतल्या हिंदी क्रांतिकारकांच्या गदर चळवळीच्या उभारणीत होते. पहिल्या महायुद्धात इराणमध्ये इंग्रजांविरुद्ध लढले. मग बर्लिन, मॉस्को. आणि 1924 मध्ये मेक्सिको. तिथे चापिंगोच्या राष्ट्रीय कृषी विद्यालयात ते प्राध्यापक झाले, आणि खेड्यापाड्यांतून शेतकऱ्यांसाठी ‘मुक्त कृषी शाळा’ काढल्या. ओकोपुल्कोच्या शाळेला तर नावच मेक्सिकन क्रांतीतल्या शेतकऱ्यांच्या सेनानीचं, एमिलियानो झापाताचं दिलं.

आता पुन्हा चित्राकडे या. बंदुका कुठे आहेत? मागे. पाव कुठे आहे? पुढे, हातात, चित्राच्या मर्मस्थानी. रिवेराला या माणसाच्या खांद्यावर बंदूक देता आली असती आणि ते खोटंही ठरलं नसतं. त्याने ती दिली नाही. पण पुसूनही टाकली नाही. ती मागच्या रांगेत पहाऱ्याला उभी ठेवली. क्रांती झाली म्हणून जेवण शक्य झालं, हे तो नाकारत नाही; क्रांती कशासाठी झाली हे मात्र तो पुढच्या रांगेत सांगतो. खानखोजेंच्या आयुष्याचा क्रमच या दोन रांगांत उतरला आहे. आधी बंदूक, मग बियाणं.

आणि हा माणूस वाढत नाही, वाटून घेतो. तो उभा राहून पंगतीत फिरत नाही, सगळ्यांबरोबर बसला आहे. अन्नदाता हा आपला लाडका शब्द. त्यात देणारा वर आणि घेणारा खाली असतो. रिवेराचा कृषितज्ज्ञ मात्र टेबलाच्या टोकाला असूनही टेबलाच्याच उंचीवर आहे. पाश्चात्त्य प्रेक्षकाला इथे ख्रिस्ताचं शेवटचं भोजन आठवतं, आणि रिवेराने ती आठवण मुद्दाम जागवली आहे यात शंका नाही. मराठी डोळ्यांना मात्र सहभोजन दिसतं. या चित्राच्या आदल्याच वर्षी, 20 मार्च 1927 ला, महाडच्या चवदार तळ्याचं पाणी डॉ. आंबेडकरांनी ओंजळीत घेतलं होतं. आणि त्याच बाबासाहेबांना 1917 मध्ये आमच्या बडोद्यात, संस्थानच्या नोकरीत असताना, राहायला घर मिळालं नव्हतं. एका टेबलाला सगळ्यांनी बसून पाव मोडणं ही त्या काळात साधी गोष्ट नव्हती. मेक्सिकोतही नाही, आपल्याकडेही नाही.

या चित्राचं जोडचित्र त्याच मालिकेत आहे: ‘वॉल स्ट्रीटची मेजवानी’. तिथेही टेबल आहे, तिथेही माणसं जेवायला बसली आहेत. रॉकफेलर, फोर्ड, मॉर्गन. पण ताटात अन्न नाही. शेअरबाजाराचे भाव छापून येणारी सोनेरी फीत टेबलावरून सरकते आहे आणि सगळे तीच वाचताहेत. मागे तिजोरी. दिव्याला स्वातंत्र्यदेवतेचा आकार. उपरोध फार उघड आहे. मला हे चित्र दुय्यम वाटतं, त्यात घोषणेचा आवाज चित्राच्या आवाजापेक्षा मोठा आहे. तरी फितीचा तपशील नेमका आहे. 1919 मध्ये अमेरिकन शेतकऱ्याला गव्हाच्या बुशेलमागे दोन डॉलरच्या वर भाव मिळत होता. युद्धकाळातली सरकारी हमी उठली आणि 1921 पर्यंत तो जवळपास निम्म्यावर आला. युद्धात भाव होता म्हणून कर्ज काढून जमिनी आणि ट्रॅक्टर घेतलेली होमस्टेडवाल्यांची नातवंडं बुडाली. 160 एकरांचा मालक झालेल्या शेतकऱ्याच्या पिकाची किंमत अशाच फितीवर ठरत होती. रिवेराने एकाच मालिकेत दोन टेबलं मांडली: एकावर भाव, दुसऱ्यावर पाव. विदर्भातल्या कापूसवाल्याला हे समजावून सांगायची गरज नाही.

पाव येतो त्या मातीचं चित्र रिवेराने चापिंगोत काढलं, आणि माझ्या मते ते ‘एल पान नुएस्त्रो’पेक्षाही खोल आहे. चापिंगो पूर्वी एक मोठी हासिएन्दा होती, म्हणजे पिढ्यान् पिढ्या कर्जात बांधलेल्या गड्यांवर चालणारी जमीनदारी. क्रांतीनंतर तिथे कृषी विद्यालय आलं आणि जमीनदाराच्या प्रार्थनागृहात रिवेराने 1927 पर्यंत चित्रं काढली. त्यातल्या एका भागात जमीन उभी चिरून दाखवली आहे. खाली, मातीच्या पोटात, तांबड्या कफनात गुंडाळलेली दोन प्रेतं: झापाता आणि त्याचा सोबती ओतिलियो मोन्तान्यो. मोन्तान्यो शाळामास्तर, गावांच्या बळकावलेल्या जमिनी परत मागणारा 1911 चा आयाला जाहीरनामा लिहिण्यात त्याचा हात होता. त्याला 1917 मध्ये गोळ्या घातल्या, झापाताला 10 एप्रिल 1919 ला दग्याने मारलं. आणि त्या दोघांच्या वर, नेमकं वर, मका उभा आहे. भरघोस, हिरवा.

हुतात्म्यांच्या रक्ताने भूमी सुपीक झाली, हे वाक्य आपण भाषणांत इतक्यांदा ऐकलं आहे की ते गुळगुळीत झालंय. रिवेराने ते शेतकऱ्याच्या डोळ्याने बघितलं, म्हणून ते परत टोचतं. मातीचा छेद म्हणजे शेतकी वर्गात फळ्यावर काढतात ती आकृती: वरचा थर, खालचा थर, मुळं. तिच्यात त्याने खताच्या जागी माणसं ठेवली. खानखोजे याच विद्यालयात शिकवत होते. वर्गातली आकृती आणि प्रार्थनागृहातलं चित्र यांत काही पावलांचंच अंतर.

त्या मक्याचं खानखोजेंनी काय केलं, हे तीना मोदोत्तीच्या फोटोंमुळे टिकून राहिलं. इटलीत जन्मलेली ही छायाचित्रकार त्यांच्या कणसांचे, रोपांचे, शाळांचे फोटो काढत होती. मक्याचा रानटी पूर्वज तेओसिन्ते हे गवत आहे. त्याला अनेक फुटवे येतात, पण कणीस बोटाएवढंही नाही, आणि मोजके दाणे दगडासारख्या कवचात. खानखोजेंनी त्याचा मक्याशी संकर केला, हेतू असा की गवताचा काटकपणा आणि पुष्कळ कणसं धरण्याचा गुण मक्यात यावा. या संकराला ‘तेओ-माईझ’ म्हणत. ‘माईझ ग्रानादा’ या त्यांच्या दुसऱ्या मक्यावरचं पुस्तक 1936 मध्ये निघालं.

मोदोत्तीचा एक फोटो मात्र प्रयोगशाळेचा नाही. काडतुसांचा पट्टा, मक्याचं कणीस, विळा. 1927 सालचा. तीनच वस्तू, माणूस नाही. पट्ट्यात काडतुसं ओळीने, कणसात दाणे ओळीने; डोळा एका ओळीवरून दुसरीवर सरकतो आणि क्षणभर फरक कळत नाही. रिवेराला जे सांगायला भिंत लागली ते तिने एका चौकटीत बसवलं. संयमाच्या बाबतीत मी मोदोत्तीला झुकतं माप देईन.

आम्ही बडोदेकर भिंतीवरची चित्रं बघत मोठे झालो आहोत. सुभानपुऱ्यातून निघालं की विश्वामित्रीच्या पुलाजवळ राजघराण्याचं स्मारक, कीर्ती मंदिर, आणि आत नंदलाल बोसांची चित्रं. गंगावतरणाची भिंत बघताना पहिल्यांदा जाणवते ती मोकळी जागा. नंदलालांच्या रेषेला श्वास घ्यायला वाव असतो. रिवेराकडे तो नाही. तो माणसावर माणूस रचतो, कोपरा रिकामा म्हणून सोडत नाही. सवय नसलेल्याचा जीव गुदमरतो. पण त्याची भिंत राजघराण्याच्या स्मारकातली नाही, मंत्रालयातली आहे; अर्ज घेऊन आलेला शेतकरी ती जाता-येता बघणार, आणि त्याला आपल्यासारखा चेहरा सापडला पाहिजे, हा त्या गर्दीचा हिशेब आहे. शिवाय खऱ्या फ्रेस्कोत चुन्याचा गिलावा ओला आहे तोवरच रंग धरतो. दिवसाचं काम दिवसात संपवायचं, चूक झाली तर गिलावा फोडायचा. पेरणीला वाफसा असतो तसंच हे. त्या घाईत काढलेले पाव मोडणारे दोन हात इतके शांत आहेत, हे मला रिवेराच्या कसबाचं सगळ्यात मोठं प्रमाण वाटतं.

चित्राबाहेर गोष्ट चालूच राहिली. ज्या रॉकफेलरला रिवेराने सोन्याच्या फितीसमोर बसवलं, त्याच्याच नावाच्या प्रतिष्ठानने 1943 मध्ये मेक्सिको सरकारबरोबर धान्यसंशोधन सुरू केलं, तेही चापिंगोतून. दुसऱ्या वर्षी तिथे नॉर्मन बोरलॉग आले. त्यांनी काढलेल्या बुटक्या, तांबेरा न धरणाऱ्या गव्हाचं 18,000 टन बियाणं भारताने 1966 मध्ये मेक्सिकोतून आणलं. खानखोजे तेव्हा नागपुरात होते. स्वातंत्र्यानंतर काही वर्षांनी ते मायदेशी परतले होते. 22 जानेवारी 1967 ला त्यांचं तिथेच निधन झालं.